वाचक विचारतात : धूर निवळल्यावर दिसणारा तो चेहरा

मागच्या अंकात मी अमेरिकेतल्या सुरुवातीच्या कार्टून लघुपटांवर लिहिलं होतं. थिएटरात मुख्य चित्रपटाच्या आधी दाखवल्या जाणाऱ्या सात-आठ मिनिटांच्या त्या फिल्म. त्यांतल्या वर्णद्वेषी विनोदावर शेवटी एकच परिच्छेद होता, पण पत्रं आली ती जवळजवळ सगळी त्याच परिच्छेदावर. म्हणून या वेळचं सदर पूर्णपणे त्या विषयाला दिलं आहे. मी बावीस वर्षं ॲनिमेशनमध्ये इनबिटवीन काढली, म्हणजे दोन मुख्य चित्रांच्या मधली चित्रं. त्यानंतर काही वर्षं या माध्यमाचा इतिहास शिकवला. उत्तरं त्याच अनुभवातून देते आहे.

प्रश्न : सात वर्षांच्या नातीबरोबर ‘टॉम अँड जेरी’चे जुने भाग बघत होतो. स्फोट झाला, धूर निवळला, तर पात्राचा चेहरा काळाकुट्ट, ओठ जाड आणि डोक्यावर उभ्या वेण्या. वेण्यांना रिबिनीसुद्धा! नात खळखळून हसली. मग म्हणाली, “आजोबा, भाजल्यावर वेण्या कशा येतात?” मला उत्तर सुचलं नाही. शिवाय घरातली ती जाड बाई, जिचे फक्त पाय दिसतात, तिचा आवाज वेगवेगळ्या भागांत वेगळा का येतो? (एक आजोबा)

उत्तर : काका, तुमच्या नातीने नेमक्या जागी बोट ठेवलं आहे. धुराने चेहरा काळा पडतो हे लहान मुलालाही पटतं. धुराने ओठ जाड होत नाहीत आणि केसांना रिबिनी तर मुळीच लागत नाहीत. म्हणजे त्या चित्रात धुराखेरीज आणखी काहीतरी शिरलं आहे.

ते आलं अमेरिकेच्या रंगमंचावरून. १८३० च्या सुमारास टॉमस डार्टमाउथ राइस नावाचा गोरा नट चेहऱ्याला जाळलेल्या बुचाची काजळी फासून ‘जिम क्रो’ नावाचं गाणं-नाच करू लागला. १८४३ मध्ये न्यूयॉर्कला ‘व्हर्जिनिया मिन्स्ट्रेल्स’ या मंडळींनी अख्खा खेळच अशा सोंगांचा उभा केला. त्यानंतर कितीतरी दशकं ‘मिन्स्ट्रेल शो’ हा तिथल्या करमणुकीचा मोठा प्रकार होता. काळा चेहरा, तोंडाभोवती फिकट रंगाचं रुंद कडं, वटारलेले डोळे, पांढरे हातमोजे. सोंगातला काळा माणूस एक तर आळशी असायचा, नाहीतर भित्रा, नाहीतर कोंबड्या आणि कलिंगडं चोरणारा. खेळ सुरू झाले तेव्हा दक्षिणेत गुलामगिरी चालू होती. पुढे त्या भागात काळ्यांना वेगळं ठेवणारे कायदे झाले, त्यांना लोक ‘जिम क्रो कायदे’च म्हणत. नाव त्या सोंगावरून आलं.

वेण्यांचं मूळही त्याच रंगमंचावर आहे. १८५२ च्या ‘अंकल टॉम्स केबिन’ या कादंबरीवर पुढे असंख्य नाटकं झाली. त्यांत टॉप्सी नावाच्या गुलाम मुलीला हसवण्याचं काम दिलं गेलं, आणि विस्कटलेले केस, उभ्या वेण्या, फाटके कपडे हे तिचं रूप ठरून गेलं. काळं मूल दाखवायचं तर हेच, असा साचा पडला. कार्टूनमधल्या स्फोटाने पात्र भाजत नाही, ते त्या साच्यात पडतं. प्रेक्षकाला साचा पाठ होता, म्हणून अर्ध्या सेकंदात हशा मिळायचा.

नातीला मी इतकंच सांगितलं असतं : “खूप वर्षांपूर्वी काही लोक दुसऱ्या लोकांच्या दिसण्याची टिंगल करण्यासाठी असं सोंग घ्यायचे. हे चित्र काढणाऱ्यांनी ती टिंगल उचलली. ज्यांची टिंगल झाली त्यांना ते फार लागायचं.” सात वर्षांच्या मुलीला हे कळतं. वर्गात कुणी कुणाच्या दिसण्यावरून चिडवलेलं तिने पाहिलेलं असतं.

आता त्या बाईंविषयी. स्टुडिओत तिला ‘मॅमी टू शूज’ म्हणत. १९४० च्या पहिल्याच लघुपटापासून १९५२ पर्यंत ती दिसते आणि तिचा मूळ आवाज आहे लिलियन रँडॉल्फ या कृष्णवर्णीय अभिनेत्रीचा. गोऱ्यांच्या घरात राबणारी, लठ्ठ, करड्या आवाजाची, पदर खोचून भांडणारी मोलकरीण, हाही त्या रंगमंचावरचाच साचा. पुढे १९६० च्या दशकात हे लघुपट टीव्हीवर आणताना काही भागांत तिच्या जागी गोरी बाई काढून बसवली आणि आयरिश ढंगाचा आवाज दिला. १९९० च्या दशकात पुन्हा मूळ चित्र ठेवून थिया विडाल या अभिनेत्रीकडून संवाद नव्याने म्हणवून घेतले. तुमच्या कानांनी दोन-तीन आवाज ऐकले ते यामुळे.

मला या दुरुस्त्यांत एका गोष्टीचं वाईट वाटतं. लिलियन रँडॉल्फचं काम अस्सल होतं. तिला भूमिका मिळायच्या त्या मुख्यतः मोलकरणींच्याच, आणि त्या चौकटीतही तिने आवाजात इतका जीव ओतला. साचा पुसायला निघाले आणि तीच पुसली गेली.

प्रश्न : मी ॲनिमेशन शिकते. आमचे सर म्हणतात, जुन्या पात्रांचं काळं अंग आणि पांढरे हातमोजे ही निव्वळ तांत्रिक सोय होती, त्यात वर्णद्वेष शोधू नका. खरं काय? (एक विद्यार्थिनी)

उत्तर : तुझ्या सरांचं म्हणणं अर्धं खरं आहे, आणि ते अर्धं आधी नीट समजून घे. कृष्णधवल फिल्मवर काळ्या अंगासमोर काळा हात आला की हात दिसेनासा होतो. पांढरा मोजा घातला की प्रत्येक हालचाल उठून दिसते. फेलिक्स मांजराला (१९१९) आकार देणारे ऑटो मेस्मर सांगत, की अंग भरीव काळं केलं की बाह्यरेषा काढायचे कष्ट वाचतात आणि काळा आकार पडद्यावर छान हलतो. मी स्वतः शाईकाम केलंय, त्यामुळे ही सोय मला बोटांनी माहीत आहे.

पण सोय होती म्हणून दुसरं कारण नाहीसं होत नाही. फेलिक्स ज्या पॅट सलिव्हनच्या स्टुडिओत जन्मला, तिथे १९१६ मध्ये ‘सॅमी जॉन्सिन’ नावाची मालिका बनत होती. तिचा नायक ‘सँबो’ या चित्रपट्टीतला काळा मुलगा होता. त्याही आधी, १९०७ मध्ये, जे. स्टुअर्ट ब्लॅकटन यांच्या ‘लाइटनिंग स्केचेस’मध्ये फळ्यावर काळ्यांसाठीची एक शिवी आणि ‘कोहेन’ हे ज्यू आडनाव लिहून त्या अक्षरांतूनच दोन विद्रूप चेहरे काढले जातात. म्हणजे या माध्यमाने अजून चालायला शिकलं नव्हतं, तेव्हापासून ही खोड अंगात आहे.

मग बॉस्को हे कार्टून पात्र घे. ह्यू हारमन आणि रुडॉल्फ आयसिंग यांनी त्याची नोंदणी १९२८ मध्ये केली ती ‘निग्रो मुलगा’ अशी. १९२९ च्या चाचणी-फिल्ममध्ये तो मिन्स्ट्रेल धाटणीच्या बोलीत बोलतो. १९३० मध्ये ‘लूनी ट्यून्स’ ही लघुपटांची मालिका सुरू झाली ती त्यालाच नायक करून. पुढे बोली गेली, आणि बरेच प्रेक्षक त्याला कुठलातरी प्राणी समजू लागले. मिकीच्या हातात मोजे आले १९२९ मध्ये. १९३३ च्या ‘मिकीज मेलरड्रॅमर’मध्ये तो ‘अंकल टॉम्स केबिन’चं नाटक करतो आणि चेहरा काळा करण्यासाठी तोंडाशी फटाका फोडतो. नाटक, काजळी, स्फोट, मोजे, सगळं एकाच फिल्ममध्ये! ती फिल्म बनवणाऱ्यांना हे धागे ठाऊक होते. आपल्यालाच ते विसरायला झाले.

आता माझी गोष्ट. नोकरीच्या पहिल्या वर्षी मला सरावासाठी जुन्या मॉडेल शीट्सच्या झेरॉक्स दिल्या होत्या, म्हणजे एकाच पात्राची सगळ्या बाजूंनी काढलेली चित्रं. त्यात एक तोंड होतं : गोल काळा चेहरा आणि ओठांभोवती रुंद फिकट कडं. मी ते शेकडो वेळा काढलं. वरिष्ठ म्हणाले, “कड्याची जाडी सगळीकडे सारखी हवी,” आणि मी ती सारखी आणली. छान जमतं म्हणून मला शाबासकीही मिळाली. नंतर बऱ्याच वर्षांनी एका पुस्तकात मिन्स्ट्रेल शोचं जुनं भित्तिपत्रक पाहिलं, आणि ते तोंड ओळखीचं निघालं. हाताने ओळखलं आधी, डोक्याने नंतर. त्या रात्री मला झोप लागली नाही. मी काय काढते आहे हे इतकी वर्षं मला कुणी सांगितलं नव्हतं, आणि मीही विचारलं नव्हतं.

तू विचारलंस. सरांना आदराने सांग, दोन्ही कारणं शिकवा म्हणून.

प्रश्न : आजचे नियम ऐंशी वर्षांपूर्वीच्या निर्मळ विनोदाला लावणं अन्याय आहे. त्या काळी हे कुणालाच खटकत नव्हतं. सगळे हसत होते. (एक वाचक)

उत्तर : तुमच्यासारखी पत्रं सगळ्यात जास्त आली, म्हणून हे उत्तर सगळ्यात लांब लिहिते. “कुणालाच खटकत नव्हतं” हे मला मान्य नाही, कारण खटकल्याच्या नोंदी आहेत.

१९४३ मध्ये बॉब क्लॅम्पेट यांचा ‘कोल ब्लॅक अँड डी सेबेन ड्वॉर्फ्स’ आला. हिमगौरीच्या गोष्टीचं जॅझच्या तालावरचं, सगळी पात्रं काळी असलेलं विडंबन. काळ्यांच्या हक्कांसाठी १९०९ पासून लढणाऱ्या ‘एनएएसीपी’ने त्याच वर्षी वॉर्नर ब्रदर्स या स्टुडिओकडे त्याविरुद्ध तक्रार केली. वॉल्टर लँट्झच्या स्टुडिओचा ‘स्क्रब मी ममा विथ अ बूगी बीट’ १९४१ चा. ‘लेझी टाउन’ नावाच्या वस्तीत सगळे काळे लोक पेंगत पडलेले, माशासुद्धा हाकलण्याचा कंटाळा. १९४८ मध्ये तो पुन्हा थिएटरांत आणला तेव्हा याच संघटनेने निषेध केला आणि ती वितरित करणाऱ्या युनिव्हर्सलने फिल्म मागे घेतली. हंगेरीहून आलेले जॉर्ज पॅल लाकडी बाहुल्यांच्या फिल्म करत. त्यांच्या ‘जॅस्पर’ मालिकेतला काळा मुलगा कलिंगडांच्या मोहात फसत राहतो. ‘एबनी’ या कृष्णवर्णीयांच्या मासिकाने त्यावर टीका केली. पॅल यांनी १९४६ मध्ये ‘जॉन हेन्री अँड दी इंकी-पू’ केला, रेल्वेच्या वाफेच्या यंत्राशी हातोड्याने झुंजणाऱ्या काळ्या लोकनायकाचा, आणि ‘एबनी’ने त्याचं कौतुक केलं. जॅस्पर मालिका चालू असतानाच हे घडलं. म्हणजे त्या काळात, त्याच माणसाला, त्याच बाहुल्यांनी वेगळं करता येत होतं.

हसत होते ते कोण, हेही विचारायला हवं. दक्षिणेतल्या थिएटरांत काळ्या प्रेक्षकाला वेगळ्या दाराने वर गॅलरीत पाठवत. त्याच्या हशाची किंवा न हसण्याची नोंद कुणी घेतली नाही. अमेरिकन सैन्यातसुद्धा काळे सैनिक वेगळ्या तुकड्यांत होते. ती व्यवस्था मोडण्याचा आदेश १९४८ मध्ये निघाला.

‘कोल ब्लॅक’विषयी एक कबुली मला द्यायलाच हवी, नाहीतर हे उत्तर खोटं ठरेल. ॲनिमेशन म्हणून ती फिल्म विलक्षण आहे. तिचा वेग, देहांचा ताल, संगीताशी बसलेला प्रत्येक ठोका, असं काम मला आयुष्यात एकदाही जमलं नाही. व्हिव्हियन आणि रूबी डँड्रिज या कृष्णवर्णीय कलावंतांचे आवाज त्यात आहेत. आणि तरीही त्यातला ‘राजपुत्र’ सोन्याचे दात आणि पुढच्या दातांच्या जागी फासे घेऊन येतो तेव्हा माझ्या पोटात कालवतं. चांगली कारागिरी त्या साच्याला सौम्य करत नाही, ती त्याला लक्षात राहील असं करते.

लुई आर्मस्ट्राँगचंच बघा. १९३२ मध्ये फ्लायशर स्टुडिओने एका लघुपटात त्यांना खरोखर कॅमेऱ्यासमोर वाजवताना दाखवलं. अप्रतिम चित्रण आहे. त्याच फिल्ममध्ये बेटी बूप या कार्टून नायिकेच्या सोबत्यांमागे एक नरभक्षक लागतो, त्याचं डोकं धडावेगळं होऊन आकाशात तरंगतं आणि तेच डोकं आर्मस्ट्राँगच्या गाणाऱ्या चेहऱ्यात बदलतं. जगातला इतका मोठा वादक, आणि त्याला पडद्यावर यायची वाट नरभक्षकाच्या मुंडक्यातून. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी फिल्म थांबवून तो बदल एकेक फ्रेम मागे-पुढे करून बघत राहिले. माझ्याच कामाचा प्रकार तो, एका आकारातून दुसऱ्या आकारात नेणारी मधली चित्रं. कुणीतरी लाइटबॉक्सवर, म्हणजे खालून उजेड येणाऱ्या काचेच्या टेबलावर, बसून ती काळजीपूर्वक काढली होती.

युद्धातल्या जपानविरोधी फिल्म आणखी उघड आहेत. दात पुढे आलेले, जाड चष्म्याचे सैनिक, आणि १९४४ च्या बग्ज बनीच्या लघुपटात तर शीर्षकातच जपान्यांसाठीची शिवी. ‘शत्रू होता, युद्ध होतं,’ असं म्हणता येईल. पण जर्मनांची टिंगल होते ती हिटलरची, त्याच्या साथीदार गोअरिंगची. जपानी म्हटला की सगळे एकाच चेहऱ्याचे. आणि त्याच वेळी, फेब्रुवारी १९४२ च्या अध्यक्षीय आदेशानंतर, सुमारे १,२०,००० जपानी वंशाच्या लोकांना अमेरिकेतच काटेरी तारांच्या छावण्यांत डांबलं होतं. त्यांतले बहुसंख्य जन्माने अमेरिकन नागरिक होते. लॉस एंजेलिसचा एक किशोरवयीन मुलगा, इवाओ ताकामोतो, मँझनार छावणीत गेला. तिथे चित्रकामाचा अनुभव असलेल्या कैद्यांकडून तो चित्रं शिकला. १९४५ मध्ये डिस्नेत लागला. १९६९ मध्ये जगाला ‘स्कूबी-डू’ कुत्रा मिळाला, तो त्याने काढलेला. त्या दातपुढ्या सैनिकांची चित्रं बघून त्या मुलाला काय वाटलं असेल, याचा विचार मी केल्याशिवाय राहू शकत नाही. तुम्हीही एकदा करून बघा.

प्रश्न : जुन्या कार्टून्सपैकी ते ‘बंदी घातलेले अकरा’ कोणते? (एक संग्राहक)

उत्तर : सरकारी बंदी नव्हे. वॉर्नरच्या जुन्या लघुपटांचे हक्क तेव्हा युनायटेड आर्टिस्ट्स या कंपनीकडे होते. त्यांनी १९६८ मध्ये अकरा लघुपट टीव्हीच्या वितरणातून काढले. १९३१ ते १९४४ मधले, ‘कोल ब्लॅक’ आणि ‘जंगल जिटर्स’ त्यांतलेच. हक्क पुढे टीव्ही-उद्योजक टेड टर्नरकडे आले तेव्हाही ते बाहेरच राहिले. २०१० मध्ये हॉलिवूडच्या एका महोत्सवात त्यांतले आठ दुरुस्त प्रतींवर दाखवले.

मला अकरा या आकड्याची भीती वाटते ती वेगळ्या कारणाने. अकरा कुलूपबंद झाले की बाकीचे निर्दोष, असा समज होतो. खरं तर ज्यात सहा मिनिटं साधा पाठलाग आणि पाच सेकंद तो काळा चेहरा, असे लघुपट अकरापेक्षा पुष्कळ जास्त आहेत. मुळात हे सगळं मोठ्यांसह अख्ख्या थिएटरसाठी बनलं होतं. १९५६ पासून ते टीव्ही कंपन्यांना घाऊक विकलं गेलं आणि मुलांच्या वेळेत रोज लागू लागलं. मुलांसाठी निवडून ते कुणीच दिलं नव्हतं.

प्रश्न : मग स्पीडी गोन्झालेस हा मेक्सिकन उंदीरही बंद करावा का? (एक वाचक)

उत्तर : नाही. १९९९ च्या सुमारास अमेरिकेतल्या एका वाहिनीने तो बाजूला ठेवला, तेव्हा लॅटिन अमेरिकन नागरिकांच्याच एका मोठ्या संघटनेने तो परत मागितला, आणि २००२ मध्ये तो परतलाही. त्यांना तो हुशार, चपळ, नेहमी जिंकणारा वाटतो. त्याच्या भोवतीचे सुस्त, झिंगलेले उंदीर मात्र मला खुपतात. ज्यांचं चित्र आहे त्यांचं मत आधी ऐकावं, एवढंच माझं मत.

प्रश्न : मी नववीला शिकवतो. जुनी कार्टून्स कापून, तेवढे प्रसंग वगळून दाखवावीत का? (एक शिक्षक)

उत्तर : सर, कापू नका. कापण्याचे प्रयोग बरेच झालेत. ‘थ्री लिटल पिग्ज’मध्ये (१९३३) लांडगा ज्यू फेरीवाल्याचं सोंग घेतो, ते पुढे नव्याने काढून बदललं. डिस्नेच्या ‘फँटेशिया’त गोऱ्या किन्नरीचे (अर्धी स्त्री, अर्धा घोडा) खूर घासणारी सनफ्लॉवर नावाची काळी किन्नरी होती. १९६९ मध्ये तिचे प्रसंग कापले, आणि पुढे चित्र मोठं करून तिला चौकटीबाहेर ढकललं. आता मुलांना फक्त सुंदर फुलं आणि गोऱ्या किन्नरी दिसतात, आणि तिला कुणी नोकर म्हणून काढलं होतं हे कळायची वाटच बंद झाली. मला वॉर्नरने २००५ च्या डीव्हीडी संचात केलं ते पटतं. सुरुवातीला अभिनेत्री वूपी गोल्डबर्ग समोर येऊन सांगतात, की हे विनोद तेव्हाही चूक होते आणि आजही आहेत, पण ते लपवणं म्हणजे असे पूर्वग्रह नव्हतेच असं म्हणण्यासारखं होईल. “तेव्हाही” या शब्दासाठी मी त्यांची ऋणी आहे.

मी वर्गात असं करायची : आधी आवाज बंद करून फिल्म दाखवायची. संगीत गेलं की हसू थांबतं आणि मुलं चित्र बघू लागतात. मग मिन्स्ट्रेल शोचं एक भित्तिपत्रक शेजारी ठेवायचं आणि काही न बोलता थांबायचं. जे सारखं आहे ते मुलं स्वतः दाखवतात. ओठांचं कडं नेहमी सगळ्यात आधी सापडतं. त्यानंतर आर्मस्ट्राँग खऱ्या मैफलीत वाजवताना दाखवा, निदान दहा मिनिटं, कार्टूनशिवाय. सोंगानंतर माणूस दिसायला हवा. आणि हे नववीला, पाचवीला नाही.

प्रश्न : त्या स्टुडिओंत एकही काळा चित्रकार नव्हता का? (तीच विद्यार्थिनी, दुसऱ्या पत्रात)

उत्तर : ज्या वर्षांत या फिल्म बनल्या, त्या वर्षांत चित्र काढणाऱ्यांच्या टेबलांवर काळा माणूस जवळजवळ नव्हताच असं समजायला हरकत नाही. फ्रँक ब्रॅक्स्टन १९५० च्या दशकात वॉर्नरमध्ये आले. सँटा बार्बराचे फ्लॉइड नॉर्मन १९५६ मध्ये डिस्नेत लागले, तिथले पहिले कृष्णवर्णीय ॲनिमेटर. त्यांना पहिलं काम मिळालं ‘स्लीपिंग ब्यूटी’वर, इनबिटवीनचं, माझंच काम. पुढे ते ‘जंगल बुक’च्या कथाविभागात गेले. आणि १९६० च्या दशकातच लिओ सलिव्हन आणि इतर मित्रांबरोबर त्यांनी ‘व्हिनेट फिल्म्स’ नावाची छोटी कंपनी काढून कृष्णवर्णीयांच्या इतिहासावर शाळांसाठी फिल्म बनवल्या. त्यांच्याविषयी २०१६ मध्ये एक माहितीपट निघाला आहे. तो शोध, आणि तुझ्या सरांनाही दाखव.